घाट उतरला की निमाड: आपण इंदूरकर तिथे थांबत का नाही?

रेवातीर (धागाकर्ता)

इंदूरच्या मराठी घरात वर्षातून दोन-तीनदा तरी गाडी नर्मदेकडे वळते. पाहुणे आले की ओंकारेश्वर, साडी घ्यायची असली की महेश्वर. सकाळी पोहे खाऊन निघायचं, दर्शन, घाटावर फोटो, आणि रात्री सराफ्यातल्या खाऊगल्लीत परत. मीही तीस वर्षं हेच केलं. वाटेत जो मुलूख लागतो तो खिडकीतून पाहिला आणि सोडून दिला. गेल्या चार वर्षांत मात्र त्या मुलखात उतरायला लागलो, मुक्काम करायला लागलो, आणि आता वाटतं की आपल्या उंबऱ्याशी असलेली एवढी मोठी गोष्ट आपण ओलांडून जात राहिलो. म्हणून हा धागा.

निमाड म्हणजे वर विंध्य, खाली सातपुडा आणि मधून वाहणारी नर्मदा. आताच्या नकाशात खरगोण, खंडवा, बडवानी, बुऱ्हाणपूर हे जिल्हे. बडवानी १९९८ मध्ये आणि बुऱ्हाणपूर २००३ मध्ये वेगळे झाले, त्याआधी पश्चिम निमाड आणि पूर्व निमाड असे दोनच होते. माळव्याच्या पठारावरून घाट उतरला की हवा बदलते, माती बदलते, बोली बदलते. वर इंदुरात स्वेटर घालून निघालेला माणूस खाली पोचेपर्यंत तो काढून मागच्या सीटवर टाकतो.

हा बदल डोळ्यांनी पाहायचा असेल तर महूहून मंडलेश्वरच्या रस्त्याने जा आणि जाम दरवाज्यापाशी थांबा. अहिल्याबाईंच्या काळात, १७९१ मध्ये बांधलेला हा दरवाजा अगदी पठाराच्या कडेवर उभा आहे. वर चढून दक्षिणेकडे तोंड केलं की पायाखालची जमीन संपते आणि खाली निमाड पसरलेला दिसतो, टेकड्यांच्या रांगा एकामागे एक फिकट होत जाणाऱ्या. पावसाळ्यात तिथे मक्याची कणसं भाजणाऱ्यांची आणि मोबाईल उंच धरलेल्यांची गर्दी असते. तुम्ही नोव्हेंबरातल्या एखाद्या साध्या मंगळवारी सकाळी जा. महेश्वरहून माळव्यात चढणारी वाट या कमानीतून जात होती, हे तिथे शांतपणे उभं राहिल्यावरच कळतं.

आता ज्या जागेसाठी मी पहिल्यांदा खाली मुक्कामी गेलो ती जागा. रावेरखेडी.

थोरले बाजीराव २८ एप्रिल १७४० रोजी रावेरखेडीला वारले, हे वाक्य आपण शाळेत पाठ केलं. पण रावेरखेडी कुठे आहे असं मी माझ्या ओळखीच्या वीसेक मराठी घरांत विचारलं, तर तिघांना सांगता आलं. आपल्या घरापासून गाडीने अडीच-तीन तास! सिमरोल, भेरूघाट, बडवाह, मोरटक्क्याचा पूल, सनावद, तिथून बेडियाकडे, आणि मग आतला रस्ता. शेवटचे काही किलोमीटर कापसाच्या शेतांमधून जातात. गाव लहान आहे. नर्मदेच्या दक्षिण तीरावर धर्मशाळेसारखं दगडी आवार, त्याच्या आत मधोमध समाधी. नानासाहेब पेशव्यांच्या सांगण्यावरून राणोजी शिंद्यांनी ती बांधून घेतली. मी गेलो तेव्हा दुपारचे तीन वाजले होते आणि आवारात मी, एक शेळी आणि तिला शोधत आलेला दहा-बारा वर्षांचा मुलगा, एवढेच. त्या मुलाने चपला काढल्या, समाधीला हात जोडले, मग शेळीचा कान धरून निघाला. मी विचारलं, "हे कोण, ठाऊक आहे का?" तो म्हणाला, "बाजीराव महाराज." आणि पुढे, आपल्याच घरातल्या माणसाबद्दल बोलावं तसं, "यहीं शांत हुए थे."

मी बराच वेळ बसलो. ज्याने अख्खं आयुष्य घोड्यावर काढलं, तो चाळिशी गाठायच्या आत या नदीकाठी थांबला. बाहेर येऊन नदीकडे पाहिलं तर पात्र रुंद, पाणी हळू.

परतताना बेडियात थांबलो. बेडिया म्हणजे मिरचीची मोठी मंडी. हिवाळ्यात रस्त्याच्या दोन्ही बाजूंच्या मोकळ्या जमिनीवर मिरची वाळत घातलेली असते, आणि गाडीच्या काचा बंद असल्या तरी नाक हुळहुळायला लागतं. एका शेतकऱ्याशी बोलणं निघालं आणि त्यांनी जेवायलाच बसवलं. त्यांच्या आई, सगळे त्यांना माय म्हणत होते, चुलीपुढे बसून ज्वारीची भाकरी थापत होत्या. परातीत पीठ मळायची, हातावर फिरवून मोठी करायची, तव्यावर टाकून पाणी फिरवायची रीत हुबेहूब माझ्या आजीची. ताटात अंबाडीची भाजी आली. तिथे तिला अमाडी म्हणतात. तुरीची डाळ घालून शिजवलेली, लसणीची फोडणी, आणि वरून वाटीभर कच्चं शेंगदाण्याचं तेल. माझी आजी यात ज्वारीच्या कण्या घालायची, असं मी मायला सांगितलं. त्यांनी हात थांबवला, लेकाकडे पाहिलं आणि म्हणाल्या, हा तर आपलाच निघाला.

त्या एका जेवणामुळे हा धागा लिहितोय. निमाडाबद्दल ज्याला जे ठाऊक असेल ते इथे लिहा. आपल्या घरातल्या म्हाताऱ्या माणसांना विचारून लिहा.

---

चैत्रांगण

रेवातीर, धन्यवाद. माझं माहेर खरगोणचं, सासर इंदूरच्या रामबागेतलं, म्हणून मला लिहायलाच हवं.

निमाड पाहायचा तर गणगौरीला पाहा. बाकी सगळं बाराही महिने आहे, हे नऊ दिवसच आहे. उत्तरेकडच्या पंचांगातला चैत्र वद्य म्हणजे आपला फाल्गुन वद्य. होळीनंतर दहाएक दिवसांनी गावात एका घरी मातेची बाडी बसते. छोट्या टोपल्यांत माती भरून गहू पेरतात आणि त्या टोपल्या अंधाऱ्या खोलीत ठेवतात. त्या टोपल्यांना कुरकई म्हणतात. रोज बायका जातात, पाणी घालतात, गाणी म्हणतात. उजेड न लागल्यामुळे ते जवारे पिवळेधमक, लांब आणि मऊ वाढतात. लहानपणी मी त्या खोलीत पहिल्यांदा गेले तेव्हा डोळ्यांना काही दिसेना. आधी वास आला, ओल्या मातीचा आणि कोंब फुटलेल्या धान्याचा. मग हळूहळू ते पिवळे तुरे दिसायला लागले. आई कानात म्हणाली, "हात नको लावू, माता झोपलीय."

तीच माता म्हणजे रणुबाई, आणि तिचे यजमान धणियर राजा. रणुबाई माहेरी आलेली लेक आहे. शेवटच्या दिवशी लाकडी रथ सजवतात, रणुबाईला खरी साडी-दागिने, धणियर राजाला धोतर-पगडी, आणि आत जवाऱ्यांच्या कुरकया. ते रथ डोक्यावर घेऊन बायका आणि पुरुषसुद्धा नाचतात. तंबोल वाटतात, म्हणजे चणे, धाणी असा खाऊ. एखाद्याने नवस बोललेला असेल तर तो लेकीला आणखी एक दिवस ठेवून घेतो, त्याला रथ बौडाना म्हणतात, आणि त्या दिवशी त्याच्याकडे गावजेवण. लेकीला एक दिवस जास्त राहा म्हणणं, याचाच केवढा मोठा सोहळा!

लग्न होऊन इंदूरला आले तेव्हा एक गोष्ट लक्षात आली. निमाडात चैत्र शुद्ध तृतीयेला मातेचा निरोप. आणि आपल्या मराठी घरात चैत्रगौर बसते ती त्याच तृतीयेला, पुढे अक्षय्य तृतीयेपर्यंत महिनाभर झोपाळ्यावर. माहेरी जिला डोळ्यांत पाणी आणून निरोप दिला, ती त्याच संध्याकाळी सासरी देव्हाऱ्यात बसलेली दिसली. सासूबाई आंब्याची डाळ वाटत होत्या आणि मी पन्ह्याचं भांडं हातात घेऊन रडत होते. त्यांना वाटलं सुनेला माहेरची आठवण आली. तसं पाहिलं तर तेच खरं होतं.

---

पाटीपेन्सिल

वाचतोय. चैत्रांगणताई, तुमचा प्रतिसाद आईला मोठ्याने वाचून दाखवला. तिने पुन्हा वाचायला लावला.

रेवातीर काका, माझ्या वडिलांचं वय ८२ आहे. रावेरखेडी पाहायची त्यांची फार इच्छा. गुडघे दुखतात. नेता येईल का?

---

रेवातीर

जरूर न्या. गाडी समाधीच्या आवाराजवळपर्यंत जाते. घाटाच्या पायऱ्या उतरायच्या नसतील तर वरूनही नदी दिसते. फक्त तिथे खाण्यापिण्याची, बसण्याची सोय आहे असं धरून जाऊ नका. पाणी, डबा आणि एक घडीची खुर्ची बरोबर घ्या. ऑक्टोबर ते फेब्रुवारीच जा. एप्रिल-मे मध्ये खरगोणचा पारा मध्य प्रदेशात सगळ्यांत वर असतो असे कितीतरी दिवस असतात, तेव्हा वडिलांना अजिबात नेऊ नका.

---

जुनी दफ्तरं

बाजीराव त्या उन्हाळ्यात निमाडात का होते, हे सांगायला हवं. नाहीतर रावेरखेडी हे वाटेत लागलेलं एखादं गाव वाटतं.

१७४० च्या सुरुवातीला निजामाचा मुलगा नासिरजंग याच्याशी लढाई झाली, त्याचा पराभव झाला आणि फेब्रुवारीत मुंगी-पैठणला तह झाला. त्या तहात नासिरजंगाने हंडिया आणि खरगोण हे प्रांत बाजीरावांना दिले. ते नव्याने मिळालेले प्रांत ताब्यात घेऊन तिथली व्यवस्था लावण्यासाठी ते इकडे आले होते. म्हणजे ज्या खरगोणच्या जमिनीवर ते गेले, ती जमीन मराठ्यांकडे येऊन जेमतेम दोन-अडीच महिने झाले होते. तापाने गाठलं आणि ते तिथेच राहिले.

आणखी एक. आपण माळवा-माळवा करतो, पण उत्तरेची प्रत्येक स्वारी नर्मदा ओलांडूनच गेली आणि ओलांडायच्या आधी फौजेला निमाडात थांबावंच लागलं. उतार कुठे आहे, नावा किती मिळतील, चारा कुठला, हे या गावांनी सांगितलं असणार. इतिहासात सेनापतींची नावं राहिली, पण पाण्याचा अंदाज सांगणाऱ्या नावाड्याचं नाव कुणी लिहून ठेवलं नाही.

रावेरखेडीजवळच बकावा नावाचं गाव आहे, तिथेही जाऊन या. नर्मदेतले दगड घडवून, घासून नर्मदेश्वराची शिवलिंगं करणारं गाव. घराघरांतून दगड घासल्याचा आवाज येतो. आपल्या देव्हाऱ्यातला बाण कदाचित तिथलाच असेल.

---

राजघाट

मी बडवानीचा. इंदूरला नोकरीसाठी. सगळे प्रतिसाद वाचले, प्रेमाने लिहिलेत. पण एक गोष्ट मनात टोचते ती सांगतो.

"थांबून पाहा" असं म्हणताना, थांबून पाहायला काय शिल्लक आहे हेही सांगा. आमच्या बाजूची नर्मदा आता नदी नाही, सरोवर आहे. सरदार सरोवराची दारं २०१७ मध्ये बंद झाली आणि सप्टेंबर २०१९ मध्ये पाणी पहिल्यांदा पूर्ण १३८.६८ मीटरपर्यंत भरलं. समोरच्या तीरावरचं चिखलदा, निसरपूर, आमचा राजघाट, सगळं त्यात गेलं. राजघाटावर गांधीजींच्या अस्थींची समाधी होती, तीसुद्धा हलवावी लागली. वरच्या अंगाला इंदिरा सागर धरणामुळे २००४ मध्ये हरसूद हे अख्खं शहर उठलं. रेवातीर ज्या रावेरखेडीबद्दल लिहितात, ती महेश्वर जलविद्युत प्रकल्पाच्या बुडितात येणार म्हणून कितीतरी वर्षं लोक भांडत होते. त्या प्रकल्पात ६१ गावं बाधित होणार होती. समाधी वाचवा असं महाराष्ट्रातूनही पुष्कळ जण म्हणाले. ते योग्यच होतं. पण समाधीभोवतीच्या गावांबद्दल तेवढ्या आवाजात कुणी बोललं नाही, याचं आम्हाला वाईट वाटलं.

माझ्या मामाचं घर नदीच्या पातळीपासून फार वर नव्हतं. उन्हाळ्यात पाणी उतरलं की जोत्याचे दगड उघडे पडतात. मामी दरवर्षी एकदा जाते. ओटा कुठे, चूल कुठे, तुळस कुठे ते तिला गाळातही कळतं. तुळशीच्या जागेवर तांब्याभर पाणी घालते आणि येते. ज्या पाण्याने तुळस नेली, तेच पाणी.

या, जरूर या. पण आमच्याकडे आलात तर पाणी किती सुंदर दिसतंय असं कुणाच्या तोंडावर म्हणू नका.

---

रेवातीर

राजघाट दादा, तुमचं म्हणणं मनापासून मान्य. मी समाधीबद्दल लिहिलं आणि आजूबाजूच्या गावांबद्दल एक ओळही लिहिली नाही, ती चूक होती. तुमच्या मामी ज्या ठिकाणी जातात तिथे मला घेऊन जाल का? फोटो काढायला नव्हे.

---

एक परकम्मावासी

मी तीन वर्षांपूर्वी पायी नर्मदा परिक्रमा केली, वयाच्या ५८व्या वर्षी. नदी उजव्या हाताला ठेवायची, ओलांडायची नाही, जवळ पैसे ठेवायचे नाहीत असा नेम. महाराष्ट्रातून परिक्रमेला येणाऱ्यांची संख्या आता फार मोठी आहे, तेव्हा निमाडातल्या ओसऱ्यांवर मराठी लोक आपल्या सगळ्यांपेक्षा जास्त झोपलेत असं म्हणायला हरकत नाही.

निमाडात मला एकदाही उपाशी झोपावं लागलं नाही. "नर्मदे हर" म्हणत दारात उभं राहिलं की आधी पाणी, मग "मैयाजी, भोजन पाओगे कि सदाव्रत?" सदाव्रत म्हणजे शिधा, पीठ-डाळ-मीठ-मिरची, आपलं आपण शिजवून घ्यायचं. एका गावात ज्या बाईंनी मला पीठ दिलं त्यांच्या डब्यात ते शेवटचं होतं. डबा उलटा करून बुडावर थाप मारून त्यांनी माझ्या झोळीत ओतलं. मी नको नको म्हटलं तर म्हणाल्या, आमच्यासाठी उद्या येईल, तू तर उद्या पुढच्या गावात असशील.

बोलीबद्दल लिहिते. निमाडीत "मला" म्हणायला "मख", "तुला" म्हणायला "तुख". वाक्याच्या शेवटी गुजरातीसारखं "छे". "काई" तर आपल्याच "काय"ची बहीण. पहिले दोन दिवस मला ती हिंदी वाटली, तिसऱ्या दिवसापासून कानाला मराठीची चुलत बहीण लागायला लागली. टेकडीला तिथे बयडी म्हणतात. कुठवर जायचं विचारलं की हात वर करून सांगतात, त्या बयडीच्या पलीकडे. आणि ती बयडी चालून संपत नाही.

राजघाट यांचं लिहिणं वाचून थांबले होते. शूलपाणीच्या झाडीत आणि बुडिताच्या पट्ट्यात आमचीही जुनी वाट पाण्याखाली गेली आहे. वाटेत एका म्हाताऱ्यांनी मला पाण्याकडे बोट करून सांगितलं, "मैया, तुझा रस्ता तिथून होता." तुझा म्हणाले, माझा म्हणाले नाहीत. त्यांचं गावही तिथेच होतं.

---

दगडफूल

मंदिरांबद्दल कुणी लिहिलं नाही म्हणून लिहितो. खरगोणपासून पंधरा-वीस किलोमीटरवर ऊन नावाचं गाव आहे. परमारांच्या काळातली, अकराव्या-बाराव्या शतकातली हिंदू आणि जैन मंदिरं एकाच गावात विखुरलेली. चौबारा डेरा हे त्यातलं सगळ्यांत देखणं. आत भिंतीवर सर्पबंध कोरलेला आहे, म्हणजे नागाच्या वेटोळ्यात संस्कृतची मुळाक्षरं आणि व्याकरणाचे प्रत्यय बसवलेले. हजार वर्षांपूर्वीच्या निमाडातल्या एका खेड्यात कुणीतरी देवळाच्या भिंतीवर व्याकरण कोरून ठेवलं! मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा बोटाने अक्षरं लावत बसलो होतो. क, ख, ग ओळखू येण्याइतकी अक्षरं आपल्या ओळखीची झाली की पुढे हलवत नाही.

गावाच्या नावाची कथा अशी. राजाने शंभर देवळं, शंभर विहिरी, शंभर तळी बांधायचा संकल्प केला आणि प्रत्येकात एक कमी राहिलं. म्हणून ऊन, म्हणजे उणं. मराठी माणसाला ही कथा कुणी समजावून सांगायला लागत नाही. अर्थात मे महिन्यात गेलात तर नावाचा दुसरा मराठी अर्थही पटेल. जैन लोक या जागेला पावागिरी म्हणून मानतात.

पुढे बडवानीला गेलात तर बावनगजा चुकवू नका. सातपुड्याच्या कड्यात कोरलेली आदिनाथांची ८४ फुटी उभी मूर्ती. पायाशी उभं राहून वर पाहिलं की मानेला कळ लागते. मी मात्र सांगेन, आधी दुरून पाहा. डोंगरातून कुणीतरी बाहेर येऊन उभं राहिलंय असं वाटतं.

---

पागेतला

माझे आजोबा रेल्वेत होते. त्यांच्या तोंडून ऐकलेली आणि नंतर वाचलेली गोष्ट सांगतो. इंदूरला रेल्वे आली ती निमाडातून. दुसऱ्या तुकोजीराव होळकरांनी १८७० मध्ये इंग्रज सरकारला एक कोटी रुपये साडेचार टक्के व्याजाने दिले, त्यातून खंडवा ते इंदूर मीटर गेजचा मार्ग झाला. एका संस्थानिकाने इंग्रजाला कर्ज द्यावं आणि आपल्या शहरात गाडी आणावी! त्या गाडीला नर्मदेवर मोरटक्क्याला पूल लागला आणि विंध्य चढायला बोगदे आणि वळणं लागली. आता मार्ग रुंद करायचं काम चालू आहे आणि जुना घाट बंद पडला. पण पाताळपाणी ते कालाकुंड एवढा तुकडा डिसेंबर २०१८ पासून पर्यटकांच्या गाडीसाठी ठेवलाय. पावसाळ्यात चालू असते, निघायच्या आधी चौकशी करा.

पाताळपाणीला टंट्या मामांचं स्थान आहे. टंट्या भिल्ल, निमाडचा. इंग्रजांनी ४ डिसेंबर १८८९ ला जबलपूरला फाशी दिलं. जुनी गाडी तिथे थांबायची, चालक हात जोडायचा, मग पुढे. आजोबा म्हणायचे, वेळापत्रकात ते थांबणं कुठेच लिहिलेलं नव्हतं, पण कुणी विसरत नसे. कालाकुंडला उतरलात तर पानाच्या दोन्यातला कलाकंद घ्या. गाव नकाशावर दिसतं तेसुद्धा त्या कलाकंदामुळे असं मला लहानपणी वाटायचं.

---

खंडवेकर

पूर्व निमाड राहून गेला म्हणून एवढंच. संत सिंगाजींचं नाव घेतल्याशिवाय निमाडाची गोष्ट अर्धीच. सोळाव्या शतकातले, गवळी समाजातले, गुरु मनरंगीर. त्यांची भजनं आजही रात्री ढोलक-मृदंगावर गावोगावी चालतात. गाई-म्हशींचा राखणदार संत, म्हणून पहिलं तूप त्यांना. समाधी पिपल्या सिंगाजीला, आता इंदिरा सागराच्या पाण्यात उंच चौथऱ्यावर. शरद पौर्णिमेला जत्रा. लोक निशाणं घेऊन पायी येतात. आमच्या वारीतल्या पताका आठवतात. तुम्ही तुकोबांच्या अभंगावर वाढलेले असाल तर पहिल्याच भजनाला मान हलायला लागेल, शब्द कळले नाहीत तरी.

---

पाटीपेन्सिल

काका, काल बाबांना नेऊन आलो. खुर्ची नेली होती ते बरं झालं.

बाबा समाधीपाशी दहा मिनिटं काही बोलले नाहीत. मग त्यांनी मला शाळेतल्यासारखं विचारलं, पालखेड कोणतं साल? मी सांगितलं, १७२८. मग भोपाळ? मला आठवेना. ते स्वतःच म्हणाले, १७३७. अशी एक एक लढाई त्यांनी मोजली आणि शेवटी म्हणाले, इतकं सगळं केलं आणि इथे आला. नंतर नदीकडे तोंड करून खुर्ची लावायला सांगितली. गावातले एक गृहस्थ आले, त्यांनी घरून चहा आणला. राजघाट यांनी लिहिलेलं माझ्या डोक्यात होतं म्हणून मी त्यांना समाधीबद्दल न विचारता त्यांच्या घराबद्दल विचारलं. ते दीड तास बोलले. आपल्या दोन मुलींची लग्नं त्यांनी बरीच वर्षं लांबवली होती, कारण घर राहणार की बुडणार हेच कळत नव्हतं, मुलीला कोणत्या अंगणातून पाठवणार? नवं बांधकाम करावं तर पाण्यात जाईल, न करावं तर जुनं छत गळतंय. बाबांनी त्यांचा हात हातात धरून ठेवला होता.

---

रेवातीर

पाटीपेन्सिल, वाचलं. बाबांना नमस्कार सांग.

राजघाट दादांबरोबर मीही मागच्या रविवारी जाऊन आलो. पाणी अजून उतरलेलं नाही, जोतं दिसायला वेळ आहे. मामींनी काठावरूनच दाखवलं, तो बाभळीचा शेंडा दिसतोय ना, त्याच्या डावीकडे. मला बाभळीचा शेंडा दिसला. त्यांना घर दिसत होतं.

परत येताना बेडियाला मायकडे थांबलो. चैत्रांगणताई, तुमचं नाव न सांगता तुमची चैत्रगौरीची गोष्ट त्यांना सांगितली. त्या म्हणाल्या, त्या सुनेला सांग, तृतीयेला तिच्या घरी माता पोचली की नाही ते दरवर्षी कळवत जा. यंदा त्यांच्या गल्लीत बाडी बसणार आहे आणि रथ बौडानाचा नवस त्यांच्याच घरचा आहे. ज्यांना यायचं त्यांनी इथे लिहा, एका गाडीत पाच जण मावतील. मुक्काम त्यांच्या ओसरीवर, अंथरूण आपलं आपण न्यायचं. आणि येताना आंब्याची डाळ करून आणा म्हणाल्या, त्यांना चाखायची आहे.